डब की जपानी? मालिका बघून ठरवा
काळोख्या अ‍ॅनिमेला (जपानी अ‍ॅनिमेशन मालिकेला) मूळ जपानी आवाजच हवा, असा हट्ट नको. ‘मॉन्स्टर’ (२००४-०५, ७४ भाग) बरीचशी जर्मनीत घडते. तिथली जर्मन माणसं जपानी बोलोत की इंग्रजी, दोन्ही उसनंच! इंग्रजी डब बिनधास्त लावा. नजर सबटायटलऐवजी चेहऱ्यांवर राहते. ‘डेथ नोट’ मात्र जपानमधली, ती जपानीतच ऐका. जपानीत ‘मी’ला वाताशी, बोकु, ओरे असे पर्याय असतात. सौम्य ‘बोकु’ म्हणणारा अचानक रांगड्या ‘ओरे’वर आला, की कान टवकारायचे. इंग्रजीत सगळ्यांचं एकच ‘आय’. आणि हो, जपानी ऑडिओवर ‘सीसी’ (क्लोज्ड कॅप्शन, म्हणजे ऐकू न येणाऱ्यांसाठीची) लिहिलेली सबटायटल्स टाळा. ती बहुधा डबच्या संवादांची असतात. ऐकू येतं एक, वाचायला भलतंच.