हजेरीपटापासून माहितीपटापर्यंत

सार्वजनिक कामांतील भ्रष्टाचारावर माहितीपट करायचा असेल, तर सबंध तालुका विषय म्हणून न घेता एकच काम निवडावे: एखादा रस्ता, एखादे शेततळे किंवा रोजगार हमीवरचे एखादे नालाखोलीकरण. राजस्थानात 1994 साली मजदूर किसान शक्ती संघटनेने जनसुनावण्या घेतल्या, तेव्हा कामांची कागदपत्रे गावासमोर वाचली गेली आणि त्यांतले खोटेपण गावकऱ्यांनीच उघड केले. माहितीपटानेही हीच वाट धरावी, म्हणजे आधी कागद मिळवावा आणि मगच कॅमेरा बाहेर काढावा.

माहिती अधिकाराच्या अर्जाला 10 रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावावा. महाराष्ट्रात एका अर्जात एकच विषय आणि 150 शब्दांची मर्यादा असल्याने तक्रारीचा पाढा न वाचता अंदाजपत्रक, कार्यारंभ आदेश, हजेरीपट, मोजमाप पुस्तिका आणि अंतिम देयक यांच्या प्रती कामाचे नाव व वर्ष देऊन मागाव्यात. 30 दिवसांत उत्तर न आल्यास पुढील 30 दिवसांत प्रथम अपील करावे. कामाची प्रत्यक्ष पाहणी करण्याचा आणि साहित्याचे प्रमाणित नमुने घेण्याचा अधिकारही याच कायद्यात आहे, तो जरूर वापरावा.

हजेरीपट हाती आला की घाई करू नये. एकच मजूर त्याच तारखेला दुसऱ्या कामावरही हजर दाखवला आहे का, ऊसतोडीला गेलेल्या कुटुंबाची हजेरी लागली आहे का, ओळीने उमटलेले अंगठे एकसारखे दिसतात का, हे नावागणिक तपासावे. मोजमाप पुस्तिकेतील लांबी, रुंदी आणि खोली घेऊन जागेवर जावे व टेप लावण्यापासून आकडा वाचण्यापर्यंतचे चित्रण मध्ये न तोडता करावे. पावसाळ्यात गाळ साचून खोली कमी होते, म्हणून केवळ खोलीतील फरकावर आरोप उभा करू नये.

सर्वांत जास्त काळजी साक्षीदाराची घ्यावी, कारण आपण चित्रण आटोपून परत जातो आणि त्याला मात्र त्याच ग्रामपंचायतीकडे काम मागायचे असते. चित्रपट कुठे दाखवला जाईल व त्यातून काय ओढवू शकते, हे कॅमेरा बंद असताना त्याच्या बोलीत समजावून सांगावे आणि नंतर त्याने संमती मागे घेतली, तर कितीही मोलाचे दृश्य असले तरी ते वगळावे. चेहरा झाकला तरी आवाज, अंगण किंवा दारातली गाडी यांवरून गाव माणूस ओळखते, हे संकलनाच्या वेळी ध्यानात ठेवावे.

ज्यांच्यावर आरोप येतो त्यांना नेमके प्रश्न लेखी पाठवावेत, उत्तरासाठी पुरेसा अवधी द्यावा आणि आलेल्या उत्तराचा आशय न बदलता ते चित्रपटात घ्यावे. मूळ चित्रणाच्या फायली जशाच्या तशा दोन वेगळ्या ठिकाणी जपाव्यात. प्रकरण न्यायालयात गेले, तर संकलित चित्रपटापेक्षा त्यांचीच मागणी आधी होते.