पहिल्या लढतीचा ताण कसा पेलावा

हौशी मुष्टियुद्धात 3 मिनिटांच्या 3 फेऱ्या असतात आणि दोन फेऱ्यांमध्ये 1 मिनिटाची विश्रांती. रोज तास-दीड तास सराव करणाऱ्याला हे किरकोळ वाटते. तरीही पहिल्या लढतीत दुसऱ्याच फेरीला त्याचे हात खाली येतात. दम कमी पडतो असे नव्हे. घंटा वाजण्याआधीच ॲड्रिनलिन उसळलेले असते, खांदे कानांपर्यंत चढतात आणि श्वास नकळत रोखला जातो, त्यामुळे ठोसे मारण्याआधीच स्नायू थकू लागतात.

म्हणून पहिल्या अर्ध्या मिनिटात जॅब (पुढच्या हाताचा सरळ ठोसा) आणि पायांच्या हालचालींवरच भर द्यावा. प्रत्येक ठोशाबरोबर श्वास आवाज करीत सोडावा आणि मूठ ठोसा लागण्याच्या क्षणीच आवळावी; एरवी ग्लोव्हच्या आत बोटे सैल हवीत. जोरदार ठोसा बसला की तत्काळ परतफेड करण्याची ऊर्मी येते, आणि माझ्या मते नवखे त्या रागापायीच अधिक मार खातात. गार्ड, म्हणजे चेहऱ्याचा बचाव करणारे हात, वर घेऊन एक पाऊल बाजूला सरकावे. जबर ठोसा बसल्यावर पंचांनी मोजणी सुरू केली, तर आठपर्यंतचा वेळ पुरेपूर वापरावा, मात्र नजर पंचांवरच ठेवावी.

विश्रांतीच्या मिनिटात स्टुलावर बसून पाय सैल सोडावेत आणि माउथगार्ड काढून दीर्घ उच्छ्वास टाकावेत. सुरुवातीला प्रशिक्षकानेही गप्प राहावे. धाप ओसरेपर्यंत कानावर पडलेले डोक्यात शिरत नाही. पाण्याचा एखादाच घोट आणि एकच सूचना पुरे.

पाय ऐकेनासे झाले, तर टॉवेल टाकून लढत सोडण्यात कमीपणा नाही. व्यावसायिक मुष्टियुद्धात 1982 मध्ये अमेरिकेच्या रे मॅन्सिनीविरुद्ध चौदाव्या फेरीत कोसळलेल्या दक्षिण कोरियाच्या किम दुक-कू याचा मृत्यू झाला, आणि त्यानंतरच्या काही वर्षांत विश्वविजेतेपदाच्या लढती 15 फेऱ्यांवरून 12 वर आल्या.

लढतीनंतर हात थरथरणे, रडू येणे किंवा जिंकूनही रिकामे वाटणे स्वाभाविक आहे. त्या रात्री लढतीचे चित्रीकरण पाहू नये आणि एकटे राहू नये. मात्र वाढती डोकेदुखी, उलट्या, अंधुक दिसणे किंवा असंबद्ध बोलणे यांपैकी काहीही आढळल्यास थेट रुग्णालय गाठावे आणि डॉक्टरांनी परवानगी देईपर्यंत स्पारिंग (सरावाच्या लढती) पूर्ण बंद ठेवावे.