अनुकंपा नोकरीचा अर्ज: आवक शिक्क्याची तारीख जपा

सरकारी नोकरीत असलेला माणूस गेला की काही दिवसांतच कुटुंबनिवृत्तिवेतनाच्या कागदांवर सह्या करायला घरच्यांना कार्यालयात जावे लागते. अनुकंपा योजनेची, म्हणजे सेवेत असताना मृत्यू पावलेल्या कर्मचाऱ्याच्या घरातल्या एकाला नोकरी देणाऱ्या योजनेची, माहिती आणि अर्जाचा नमुना कुटुंबाला देणे हे आस्थापना शाखेचे, म्हणजे कर्मचाऱ्यांच्या सेवेचे कागद पाहणाऱ्या शाखेचे, काम आहे. कोणी आपणहून दिला नाही, तर त्याच भेटीत मागून घ्या.

पुढची माहिती महाराष्ट्र शासन आणि जिल्हा परिषदांच्या नियमित कर्मचाऱ्यांच्या कुटुंबांसाठी आहे. सफाई कामगारांच्या वारसांना लाड-पागे समितीच्या शिफारशींनुसार मिळणारी नोकरी ही वेगळी योजना आहे, तिचा अर्ज यात मिसळू नका. केंद्र सरकारचे नियमही निराळे आहेत.

एक गैरसमज आधीच दूर करू. वडिलांची जागा मुलाला आपोआप मिळते, असे नाही. अचानक आलेल्या हलाखीतून कुटुंबाला सावरणे हा या नियुक्तीचा हेतू आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९४ सालीच स्पष्ट केले आहे. म्हणूनच उशीर झाला की तो कुटुंबाच्या अंगाशी येतो. इतकी वर्षे घर चालले ना, मग आता गरज कसली, असा प्रश्न न्यायालयातही विचारला जातो.

अर्ज पती किंवा पत्नी, मुलगा किंवा मुलगी करू शकतात. मुलगी विवाहित असली तरी चालते. मृत्यूपूर्वी कायदेशीररीत्या दत्तक घेतलेले अपत्यही पात्र आहे. मुलगा हयात नसेल किंवा पात्र नसेल तर सून, तसेच घटस्फोटित, परित्यक्ता किंवा विधवा मुलगी वा बहीण अर्ज करू शकते. कर्मचारी अविवाहित असेल तर त्याच्यावर सर्वस्वी अवलंबून असलेला भाऊ किंवा बहीण. नोकरी मात्र घरातल्या एकालाच मिळते. कर्मचाऱ्याला ३१ डिसेंबर २००१ नंतर तिसरे अपत्य झाले असेल तर कुटुंब अपात्र ठरते. लहान कुटुंबाचे प्रतिज्ञापत्र त्यासाठीच मागतात, ते खरेच लिहा.

अर्जाची मुदत पूर्वी मृत्यूपासून १ वर्ष होती. १७ जुलै २०२५ च्या शासन निर्णयाने ती ३ वर्षे झाली. पण ३ वर्षे आहेत म्हणून थांबणे फार महागात पडते. पात्र अर्जदारांची नावे ज्या प्रतीक्षासूचीत लागतात, तिच्यातला क्रमांक मृत्यूच्या तारखेवर ठरत नाही. सर्व कागदांसह परिपूर्ण अर्ज ज्या दिवशी कार्यालयात पोचला, त्या दिवसावर ठरतो. अर्ज साहेबांच्या हातात दिला, एवढ्यावर विसंबू नका. आवक-जावक शाखेत द्या, आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्या. पुढे वाद झालाच, तर तुमच्या बाजूने बोलणारा हाच एक कागद असतो.

अर्जासोबत मृत्यू दाखला, कुटुंबातील सदस्यांचा तपशील, शिधापत्रिका, अर्जदाराचा शाळा सोडल्याचा दाखला, गुणपत्रके आणि इतर सर्व वारसांचे ना-हरकत प्रतिज्ञापत्र जोडा. शासकीय कार्यालयात दाखल करायच्या प्रतिज्ञापत्रावर मुद्रांक शुल्क माफ आहे. साध्या कागदावर केले तरी चालते. सर्वांत जास्त अर्ज अडकतात ते नावामुळे. गुणपत्रकावर माहेरचे नाव, आधारवर सासरचे आणि सेवापुस्तकात तिसरेच. विवाह नोंदणीचा दाखला किंवा राजपत्रातील नावबदल सुरुवातीलाच जोडा. सेवापुस्तकात कर्मचाऱ्याने स्वतः दिलेला कुटुंबाचा तपशील असतो, त्याची प्रत काढून ताडून पाहा. दुसरी अडचण संमतीची. एखादा भाऊ सही देत नाही आणि वर्ष निघून जाते. हा विषय घरात बसून, अर्जाआधीच मिटवा. कार्यालयाने त्रुटी काढली तर ती लेखी मागा, म्हणजे पूर्तता एकदाच होईल.

नियुक्ती गट-क (लिपिकासारखी पदे) किंवा त्याखालच्या गट-ड (शिपायासारखी पदे) मध्येच होते. सेवेत मृत्यू पावलेल्या गट-अ किंवा गट-ब अधिकाऱ्याच्या वारसालाही याच दोन गटांत पद मिळते. लिपिक-टंकलेखकासाठी पदवी लागते, शिवाय मराठी ३० किंवा इंग्रजी ४० शब्द प्रतिमिनिट टंकलेखन. सूचीत थांबलेला काळ टंकलेखन शिकण्यात घालवणे शहाणपणाचे. घाईत गट-ड पद स्वीकारले तर नंतर अनुकंपा म्हणून गट-क मागता येत नाही. घरात चूल पेटायची अडचण असेल तर मिळेल ते घ्यावेच, पण हे माहीत असून घ्यावे.

दरवर्षी भरायच्या रिक्त पदांपैकी अनुकंपासाठीची मर्यादा २०१९ मध्ये १० वरून २० टक्के झाली, तरी वाट पाहावी लागतेच. गट-क ची सामाईक सूची जिल्हाधिकारी कार्यालयात असते, जिल्हा परिषदेची मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांकडे. सूचीत नाव आल्याचे स्वतः जाऊन पाहा आणि दरवर्षी क्रमांक तपासा. माहिती मिळत नसेल तर माहिती अधिकारात अर्ज करा: एकच विषय, १५० शब्दांच्या आत, १० रुपयांचे कोर्ट फी तिकीट. "अमुक तारखेपासून आजपर्यंत माझ्या खालच्या क्रमांकांपैकी किती जणांना नियुक्ती दिली" हा प्रश्न नेमका लागू पडतो.

वयाची मर्यादा ४५ आहे. सूचीत आई असेल आणि ती पंचेचाळिशीला येत असेल, तर तिच्या जागी मुलाचे किंवा मुलीचे नाव घेण्याचा अर्ज आधीच द्या. पूर्वी कार्यालये असा बदल नाकारत. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०२४ मध्ये तो मान्य केला आणि २०२५ च्या धोरणातही त्याला जागा आहे.

अर्ज फेटाळला तर कारणांसह लेखी आदेश मागा. परिपूर्ण अर्जावर ६ महिन्यांत निर्णय व्हावा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये म्हटले आहे; स्मरणपत्रात हे लिहा. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याच्या वारसाने फेटाळल्याच्या आदेशापासून १ वर्षाच्या आत महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात जावे. जिल्हा परिषदेचे प्रकरण तिथे चालत नाही, ते थेट उच्च न्यायालयात.

नियुक्तीच्या वेळी मृताच्या कुटुंबाला सांभाळण्याचे हमीपत्र घेतात. नोकरी लागल्यावर आईला वाऱ्यावर सोडले तर ती त्याच हमीपत्राच्या आधारे कार्यालयात तक्रार करू शकते आणि नोकरीही जाऊ शकते. हमीपत्राची एक प्रत आईजवळ ठेवावी.